मीठ आलं, शिल्लक गेली

१

दोन टोपल्या भरल्या तरी ताईचं समाधान होईना. तेलाचे डबे झाले, डाळी झाल्या, पीठ, साखर, नातवंडांसाठी दुधाची पावडर. गुडघ्यांनी दगा दिल्यापासून ती जिना उतरली नव्हती. आज कठड्याला धरून, पायरीपायरीवर थांबत खाली आली होती आणि दुकानात उभी राहून बोटाच्या इशाऱ्याने माल काढून घेत होती.

तिच्या अन्नकार्डावर शिल्लक होती. सरकार दर महिन्याला कार्डावर रक्कम टाकत असे, न वापरलेली पुढच्या महिन्यात जात असे, आणि ताईने ती मुंगीच्या चिकाटीने साठवली होती. आता परगावच्या लेकीकडे कायमचं राहायला जायचं, ते भरल्या हाताने. बाहेर जावयाचा टेम्पो उभा होता.

दुकानदाराने कार्ड मशीनला लावलं. मग पुन्हा लावलं.

"ताई, ह्यात ह्या महिन्याचे तेवढेच दिसताहेत."

"चष्मा लाव."

"लावलाय. मागचं सगळं गेलंय, ताई. काहीच नाही."

ताईच्या मागे तिची धाकटी बहीण उभी होती. केस पांढरे झाले तरी सगळे तिला छोटीच म्हणत. ती पुढे झाली आणि दुकान दणाणून गेलं. "चोरा! म्हाताऱ्या बाईच्या तोंडचा घास खाल्लास? हिचं कार्ड तुझ्याच मशीनवर चालतं ना? मग गेलं कुठे सगळं?"

ताईने मात्र टोपलीतला दुधाच्या पावडरीचा डबा काढला आणि हळूच जागेवर नेऊन ठेवला.

२

"दुकानदारच," अन्नपुरवठा कचेरीतले नवे साहेब म्हणाले. "मशीन बंद आहे म्हणायचं आणि रोख पैसे घ्यायचे, हा ह्या लोकांचा जुना धंदा. मशीन जप्त करून आणलंय. तुम्ही फक्त जबाब घ्या आणि अहवाल द्या."

तपासनीसबाईंनी मान डोलावली. नवे साहेब खुर्चीला नवे होते, बाईंना नव्हते. जबाब कसा घ्यायचा, समोरच्याला कधी बोलू द्यायचं, कधी मध्येच पाणी मागून त्याची तंद्री मोडायची, हे बाईंनीच त्यांना शिकवलं होतं. आता ते काचेच्या केबिनमध्ये बसत आणि बाई बाहेर, जिथून एसी दिसे पण लागत नसे. त्यांच्या बढतीची मिठाई बाईंनी हसतहसत खाल्ली होती. ती अजून पचली नव्हती.

"पण साहेब, चोरलं काय?" बाई म्हणाल्या. "रक्कम कोणी खर्च केलेलीच नाही. सहा महिने कार्ड एकदाही वापरलं गेलं नाही, म्हणून नियमाप्रमाणे सगळी शिल्लक सरकारजमा झाली."

"तेच तर. नियम त्या ताईला ठाऊक होता. मुदत संपायच्या आधी कार्डावर मीठ आणवलं, असं ती शपथेवर सांगते. मीठ घरी आलं, मशीनवर मात्र नोंद नाही. मग मध्ये कोण उरलं?" साहेबांनी पेन खाली ठेवलं. "दुकानदाराचा दोष ठरला तर तिची रक्कम परत मिळेल. नाही ठरला तर गेली ती गेली. सरकारजमा झालेलं सहजासहजी परत येत नाही, हे तुम्हीच शिकवलंत ना मला?"

शेवटचं वाक्य त्यांनी आदरानेच म्हटलं. बाईंना ते तिखटासारखं झोंबलं.

त्या कचेरीबाहेर पडल्या तेव्हा मनात एकच इच्छा होती. दुकानदार निर्दोष निघावा. त्या माणसाला त्यांनी अजून पाहिलंसुद्धा नव्हतं.

३

दुसऱ्या मजल्यावरची एक खोली आणि स्वयंपाकघर. दोन पलंग, मध्ये शिवणयंत्र. नवरा गेल्यावर ताई बहिणीकडे राहायला आली होती आणि बसल्याबसल्या गाद्यांच्या खोळी शिवत होती. छोटी शाळेच्या स्वयंपाकघरातून निवृत्त झालेली. लग्न केलेलं नाही. तिचं स्वतःचं अन्नकार्ड होतं आणि त्यावरच दोघींचं घर चालत होतं.

"आल्या दिवसापासून हिने मला कार्ड बाहेर काढू दिलं नाही," ताई म्हणाली. "म्हणायची, माझ्या घरात तू खर्च करायचा नाहीस. मग माझं साठत गेलं. आता कार्ड अगदीच झोपू दिलं तर सगळं जातं, म्हणून त्याला अधूनमधून जागं करायचं. त्यासाठी मीठ. स्वस्त, आणि नासत नाही."

"सूचनेचा मेसेज येतो ना मुदतीआधी?"

"ह्यांच्या नंबरवर येत असेल. ते गेले, पाठोपाठ फोनही बंद पडला."

"मीठ कशासाठी आणता, हे कोणाकोणाला माहीत होतं?"

"मला आणि हिला. लेकीला नाही सांगितलं. तिला वाटलं असतं, आई पोटाला चिमटा काढून साठवते आहे."

छोटी चहा घेऊन आली. कप ठेवताना बशी खणखणली. "दुकानदाराला आत टाका आधी. मग विचारा काय ते."

"शेवटचं मीठ तुम्हीच आणलंत का?"

"नेहमी मीच आणते. त्या दिवशी जावईबापू आले होते ताईची ट्रंक न्यायला. खाली जातच होते, म्हणून त्यांच्या हाती कार्ड दिलं." छोटी बशीकडे बघत राहिली. "दोन खोल्यांच्या घरात सासू कोणाला हवी असते? पण जाऊ दे, मला बोलायला लावू नका."

"छोटे!" ताई म्हणाली. "काहीतरीच बोलू नकोस. मीठ तर आलं ना? मी उठले तेव्हा फळीवर होतं."

"तुम्ही झोपला होतात?"

"दुपारची जरा पाठ टेकली होती."

बाईंनी पाणी मागितलं आणि छोटी उठायच्या आत स्वतःच स्वयंपाकघरात गेल्या. वरच्या फळीवर मिठाच्या पिशव्या ओळीने उभ्या होत्या. सगळ्या एका कंपनीच्या, एका आकाराच्या. फक्त शेवटच्या पिशवीवर एक गोल लाल चकती चिकटवलेली होती, रुपयाएवढी, अजून चकचकीत. तिच्यावर नाव नव्हतं, किंमतही नव्हती. बाईंनी पिशवी उलटसुलट करून पाहिली.

"पाणी पिंपात आहे, बाई," मागून छोटीचा आवाज आला. "मिठात काय शोधताय?"

४

जावई परगावहून माल घेऊन गोदामावर आला होता. टेम्पोतून खोकी उतरवतच त्याने उत्तरं दिली. काही लपवावं असा त्याचा स्वभावच दिसत नव्हता.

"सासूबाई नको होत्या का? हो, नको होत्या. दोन खोल्या, दोन पोरं, त्यात मी पहाटे निघणारा माणूस. मग बायको म्हणाली, तुझी आई असती तर? तिथे माझं तोंड बंद झालं. आता खोलीत पडदा लावून घेतलाय."

"मीठ आणायला कार्ड तुम्ही घेतलं होतं?"

"घेतलं होतं. पण दुकान बंद होतं, शटर खाली ओढलेलं. वर येऊन मावशींच्या हातात कार्ड परत दिलं, म्हटलं, दुकान उघडलं की तुम्हीच आणा. सासूबाई झोपल्या होत्या. ट्रंक उचलली आणि निघालो."

"मावशींनी काय म्हटलं?"

"काहीच नाही. कार्ड पदराला पुसत उभ्या राहिल्या." त्याने खोकं खाली ठेवलं. "एका मिठासाठी एवढा तपास? काय होतं त्यात?"

बाई तशाच दुकानदाराकडे गेल्या. जप्त मशीनच्या जागी काउंटरवर चौकोनी स्वच्छ डाग उरला होता.

"बंद? माझं दुकान?" दुकानदार म्हणाला. "कार्डवाल्यांची गर्दी असते त्या आठवड्यात. विनापरवानगी बंद ठेवलं तर दंड बसतो. उघडं होतं. दिवसभर उघडं होतं."

बोलताना तो काउंटर पुसत होता. एकच जागा, पुन्हा पुन्हा.

म्हणजे जावई खोटारडा. बाई बाहेर पायरीवर उभ्या राहिल्या आणि अहवालाचं पहिलं वाक्य त्यांच्या मनात आपोआप जुळलं : 'मा. साहेबांचा प्राथमिक निष्कर्ष वस्तुस्थितीस धरून नाही.' त्यांनी ते दोनदा मनात घोळवलं. खडीसाखरेसारखं लागलं.

पण मीठ घशात अडकलं. जावयाला शिल्लक बुडवायची होती, तर आधी त्या मिठाचं मोल कळायला हवं होतं. तो तर 'काय होतं त्यात' असं विचारत होता. आणि घोळ घालणारा माणूस एक तर कार्ड वापरेल, नाही तर मीठ न आणता परत येईल. खिशातले रोख पैसे घालून, कार्ड मुद्दाम न वापरता, मीठ घरी कोण नेऊन ठेवेल? ज्याला ताईची खात्री पटवायची होती, तोच.

तेवढ्यात समोरून एक बाई बाजाराची पिशवी घेऊन गेली. पिशवीतून साबणाचा खोका डोकावत होता आणि खोक्यावर रुपयाएवढी लाल चकती होती.

५

दुसऱ्या गल्लीतलं दुकान नवंकोरं होतं. काचेची दारं, थंडगार हवा, आणि प्रत्येक वस्तूवर लाल चकती.

"उद्घाटनापासून लावतोय," मालक म्हणाला. "गिऱ्हाइकाच्या घरात चकती दिसली पाहिजे. नाही, अन्नकार्ड अजून आमच्याकडे चालत नाही. परवाना थोरल्या भावाकडे आहे. त्यांचं दुकान पुढच्याच गल्लीत. बोलावणं केलं होतं त्यांना उद्घाटनाचं, आले नाहीत."

उद्घाटन कधी होतं, ते विचारायची गरज नव्हती. दारावरच्या पाटीवर होतं. त्याच दिवशी जावई ट्रंक न्यायला आला होता.

बाई पुन्हा थोरल्या भावाच्या काउंटरशी जाऊन उभ्या राहिल्या. "त्या दिवशी शटर ओढून तुम्ही कुठे होता?"

दुकानदाराने फडकं ठेवलं. स्टुलावर बसला. पायातल्या चपलेशी चाळा करू लागला.

"समोरच्या लाँड्रीच्या आडोशाला," तो म्हणाला.

"भावाच्या दुकानासमोर?"

"बोट धरून शिकवलं त्याला मी. तराजू कसा धरायचा, उधारी कशी टाळायची. आणि त्याने काचेची दारं लावली. मला नुसतं बघायचं होतं, माझी कोणकोण गिऱ्हाइकं आत शिरतात ते."

बाईंनी वही उघडली.

"लक्षात आहेत ती?"

"विसरेन कसा? दातांचा डॉक्टर, माझ्या समोरून मान फिरवून गेला. पोस्टातली जोडी. आणि शाळेतली स्वयंपाकीण, ती छोटी. इतकी वर्षं माझ्याकडची, बाई. आत गेली आणि मिठाची पिशवी घेऊन बाहेर आली. मला वाटलं, बाकीचं ठीक आहे, पण मीठसुद्धा त्याचंच?"

"तुमचा परवाना जायची वेळ आली. हे आधी का सांगितलं नाहीत?"

"दंड भरला असता हो. पण भावाच्या दाराशी चोरासारखा उभा होतो, हे कुठल्या तोंडाने सांगू?"

दुसरी एखादी बाई हसली असती. पण नवे साहेब सकाळी केबिनचं दार कोणत्या हाताने उघडतात, हेसुद्धा तपासनीसबाईंना पाठ होतं. मत्सराची नजर फार बारीक असते, ती काही म्हणता काही सुटू देत नाही. आणि छोटीच्या नजरेत काय होतं, ते आता त्यांना कळलं. त्या पुन्हा त्या खोलीचा जिना चढल्या.

६

"दुकान बंद होतं, हे जावई खरं बोलले," बाई म्हणाल्या. दोघी बहिणी आपापल्या पलंगावर बसल्या होत्या. "कार्ड त्यांनी परत आणून दिलं. आणि फळीवरचं शेवटचं मीठ ज्या दुकानातून आलं, तिथे कार्ड चालतच नाही. ते रोखीने घेतलेलं आहे. घेणारीला तिथून बाहेर पडताना पाहिलंय. तिला माहीत होतं, की मीठ दिसलं की ताई विचारणार नाही."

ताईने बहिणीकडे पाहिलंच नाही. शिवणयंत्राचं चाक हाताने उगाच फिरवत राहिली.

"तुम्ही सांगता की मी सांगू?" बाईंनी छोटीला विचारलं.

"आधी तसं काही मनात नव्हतं," छोटी म्हणाली. आवाज कुठून तरी खोलातून येत होता. "दुकान बंद म्हटल्यावर उद्या आणू, असंच ठरवलं होतं. मग ट्रंक खाली गेली. हिची सगळी लुगडी त्यात. मी खिडकीतून बघत होते. आणि पायात चपला घातल्या, त्या दुसऱ्याच गल्लीत गेल्या."

"त्यानंतर मुदत संपेपर्यंत पंधरवडा होता."

"रोज कार्ड हातात घ्यायचे आणि रोज परत ठेवायचे."

"का गं?" ताईने विचारलं. एवढंच.

छोटी उसळली. "का म्हणजे? साठलं कशामुळे? माझ्या हातचं खाल्लंस म्हणून साठलं! मी माझं कार्ड दर महिन्याला रिकामं केलं तुझ्यासाठी, आणि तुझं भरलेलं चाललं होतं तिच्याकडे. तिने काय केलं? सणवाराला फोन. तिची पोरं, तिचं घर, आणि आता तूही तिचीच. मला वाटलं, हात रिकामे झाले तर तू जाणार नाहीस. रिकाम्या हाताने तू कोणाच्या दारात उभी राहत नाहीस, ते मला ठाऊक आहे."

"थांब म्हणायचंस मला."

"आणि तू नाही म्हणाली असतीस तर?"

खाली रस्त्यावर कोणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

"बाई, माझी रक्कम परत मिळेल?" ताईने विचारलं.

"दुकानदाराचा दोष लिहिला तर मिळेल. त्याने शटर ओढलं होतं, हे खरंच आहे. थोडं ताणून लिहिता येईल मला."

छोटीने मान वर केली. तिच्या चेहऱ्यावर आशा होती, आणि तीच बघवत नव्हती.

ताईने चाक थांबवलं. "नका लिहू. त्याचं मशीन त्याला परत द्या." मग गुडघ्यावर हात रोवून उठली. "छोटे, माझी पिशवी भर. जावयाला फोन लाव. रिकाम्या हाताने कसं जायचं असतं, ते आता शिकते."

७

ताईने नको म्हटलं तरी बाईंनी अहवालात प्रयत्न केलाच. दुकान विनापरवानगी बंद असल्याने लाभधारकाचं नुकसान झालं, सबब शिल्लक परत करावी, असं शेवटी जोडून टाकलं.

साहेबांनी तिथेच बोट ठेवलं. "पण पुढचा पंधरवडा दुकान उघडं होतं ना, बाई?"

होतं. बाईंनी ती ओळ स्वतःच खोडली.

दुकानदाराला साधा दंड झाला, मशीन परत गेलं. मग साहेब केबिनच्या बाहेर आले आणि सगळ्या कचेरीसमोर म्हणाले, "दुकानदाराबद्दल मी घाई केली. चूक माझी. बाईंनी निरपराध माणूस वाचवला."

ह्याच क्षणाची बाईंनी वाट पाहिली होती. तो आला आणि गेला, गोड काही लागलं नाही. चूक कबूल करण्यातसुद्धा हा पोरगा आपल्यापेक्षा सरस निघाला, एवढंच मनात आलं आणि पुन्हा झोंबलं.

काही आठवड्यांनी छोटी कचेरीत आली. अंगाने उतरली होती.

"माझ्या कार्डावर दुसरं नाव घालता येतं का? परगावी चालेल?"

"येतं. चालेलही. पण ताईंचं स्वतःचं कार्ड आहे की. दर महिन्याचे जमा होतातच."

"ती पुन्हा साठवायला लागेल, बाई. लेकीला भार नको म्हणून अर्ध्या पोटी उठेल. माझं आहे म्हटल्यावर रागाने तरी संपवेल."

"बोलतात तुमच्याशी?"

"नाही. फोन भाची उचलते. तिच्याशी तरी काय बोलायचं? ताई जेवली का, औषध घेतलं का, एवढं विचारते आणि ठेवते."

बाईंनी अर्ज भरून घेतला. सहीचे कागद त्या नेहमी शिपायाच्या हाती आत पाठवत, केबिनमध्ये पाय ठेवायला लागू नये म्हणून. आज स्वतः उठल्या. साहेब वाचत असताना समोर उभ्या राहिल्या. आत खरंच खूप गार होतं. साहेबांनी सही केली आणि समोरच्या खुर्चीकडे हात केला. क्षणभर थांबून बाई बसल्या.

बाहेर आल्या तेव्हा छोटी बाकावर तशीच बसलेली होती.

"झालं तुमचं काम. आता ताईंना कळवा."

"ती घेत नाही ना फोन."

"मग भाचीला कळवा."

छोटीने फोन काढला. नंबर समोर होता, अंगठा त्यावर अधांतरी थांबला. पलीकडच्या खिडकीसमोरची रांग पुढे सरकली, कोणीतरी शिंकलं, कोणीतरी नंबर पुकारला. मग तिने अंगठा दाबला आणि फोन कानाला घट्ट धरला.

"पोरी, मावशी बोलतेय," ती म्हणाली. "ताईचं राहू दे. आधी तुझं सांग. तू कशी आहेस?"